तेरा पराभव आणि बाद फेरीची सवय

महाड-पोलादपूरच्या पट्ट्यात कबड्डी हरलेल्या संघाचा निवाडा एका वाक्यात होतो: पोरांत दम नव्हता. मैदान बिरवाडीचे असो, कापड्याचे असो की विन्हेऱ्याचे, माणसे पांगायच्या आत हे वाक्य बोलून झालेले असते. डिसेंबर २०२३ ते फेब्रुवारी २०२४ या काळात इथे तेच वाक्य यू मुंबाला लावले गेले. प्रो कबड्डीच्या दहाव्या हंगामात मुंबईचा हा संघ साखळीत २२ सामने खेळला. ६ जिंकला, १३ हरला, ३ बरोबरीत सुटले. बारा संघांत दहावा क्रमांक. याच संघाने पहिल्या तिन्ही हंगामांत अंतिम फेरी गाठली होती आणि २०१५ मध्ये बंगळुरू बुल्सला ३६-३० असे हरवून करंडक जिंकला होता. त्यामुळे राग येणे समजण्यासारखे आहे. आपल्याकडे वाडीवाडीतून माणसे मुंबईला गेलेली आहेत. मुंबईचा संघ हरला की ते इथे घरचे हरणे असते.

राग खरा आहे, पण त्याला दिलेले कारण उथळ आहे. माझे म्हणणे थोडक्यात असे: लांब हंगामातला पराभव आपण बाद फेरीच्या नजरेने वाचतो. एका रात्रीत एक सामना हरला की घरी, या पद्धतीवर आपला प्रेक्षक वाढला आणि आपला खेळाडूही वाढला. म्हणून पराभव दिसला की आपण माणसाच्या छातीत काय कमी पडले ते शोधू लागतो आणि मॅटवर काय घडले ते पाहायचे राहून जाते. यू मुंबा का हरली हे त्यामुळे कळत नाही, आणि तालुक्यात गाजलेली आपली पोरे पुढच्या पायरीवर का अडखळतात हेही कळत नाही. दोन्हीचे मूळ एकच आहे. ते टप्प्याटप्प्याने मांडतो.

१. आधी मोजून घेऊ

त्या हंगामात लीगच्या गुणतक्त्याचा नियम असा होता: विजयाला ५ गुण, बरोबरीला ३, आणि सात किंवा त्याहून कमी फरकाने हरलात तर १. यू मुंबाचे एकूण ४५ गुण झाले. सहा विजयांचे ३० आणि तीन बरोबऱ्यांचे ९ वजा केले की ६ उरतात. म्हणजे तेरापैकी सहा पराभव सात गुणांच्या आतले होते.

हीच वजाबाकी बाराही संघांसाठी करून पाहावी. साखळीत एकूण १३२ सामने झाले. ११ बरोबरीत सुटले, १२१ निकाली झाले. प्रत्येक संघाच्या गुणांतून विजयाचे आणि बरोबरीचे गुण काढून टाकले की निसटत्या पराभवांची बेरीज येते ६१. अख्ख्या लीगमधले निम्मे पराभव सात गुणांच्या आत. तळाला राहिलेले तेलुगू टायटन्स १९ सामने हरले, त्यांतले ८ असे. यूपी योद्धा १७ हरले, त्यांतलेही ८ असेच. उलट बाजूने पाहा: अव्वल ठरलेली पुणेरी पलटण फक्त दोन सामने हरली आणि तेही दोन्ही सातच्या आत.

हे आकडे कोणी लपवून ठेवलेले नव्हते. छापून आलेल्या गुणतक्त्यात ते बसलेले होते, फक्त वजाबाकी करायची होती. ती आपण केली नाही, कारण आपल्याला तक्त्यातला एकच रकाना वाचायची सवय आहे, तो म्हणजे ‘पराभव’. एका गुणाने हरलेला आणि वीस गुणांनी हरलेला, दोघेही त्या रकान्यात सारखेच दिसतात. मग दोघांनाही एकच कारण चिकटते.

यू मुंबाचे उरलेले सात पराभव मात्र मोठ्या फरकाचे होते. त्यांना निसटते म्हणता येणार नाही. त्यांचे कारण वेगळे शोधावे लागेल.

२. सात गुण मॅटवर कसे तयार होतात

सात गुण म्हणजे मोठी दरी, असे बाहेरून वाटते. आत ती कशी पडते ते पाहू. समजा आपले दोनच बचावपटू मॅटवर उरले आहेत आणि समोरचा चढाईपटू आत येतो आहे. बचावात तीन किंवा त्याहून कमी खेळाडू असताना केलेली पकड ती अव्वल पकड, तिचे दोन गुण. एकाने घोटा धरला, दुसऱ्याने त्याच क्षणी अंग झोकून चढाईपटूला मध्यरेषेपासून तोडले, तर आपल्या खात्यात २. तोच चढाईपटू दोघांनाही टिपून निघून गेला तर त्याच्या खात्यात दोघांचे २ आणि सगळा संघ बाद केल्याचे, म्हणजे लोणाचे, २, मिळून ४. एकाच झटापटीच्या दोन टोकांमध्ये सहा गुणांचे अंतर. सात गुणांचा पराभव म्हणजे पुष्कळदा अशी एक झटापट आणि वर एक बोनस, इतकेच असते.

आता त्या झटापटीचा निकाल कशावर ठरतो? घोट्यावर हात पडला तो पाय उचलण्याच्या आधी की नंतर, यावर. साथ देणारा एका पावलावर होता की दोन पावलांवर, यावर. कोपरारक्षक कधी झेप घेणार हे शेजारच्या मध्यरक्षकाला न बघता कळावे लागते. ते ज्याला कळते तो त्याच्याबरोबर महिनोन्महिने खेळलेला असतो. जोडीतला एक जण दुखापतीने बसला की दुसऱ्याची धारही जाते. शिवाय हा सगळा खेळ २ डिसेंबरला अहमदाबादेत सुरू झाला आणि बारा शहरे फिरत फेब्रुवारीपर्यंत चालला. तिसऱ्या आठवड्यातला पाय आणि अकराव्या आठवड्यातला पाय सारखा नसतो. छातीत कितीही आग असली तरी दुखऱ्या गुडघ्याने झेप उशिरा पडते.

मोठ्या फरकाचे पराभव दुसऱ्या वाटेने येतात. मुख्य चढाईपटू पकडला गेला की तो बाहेर बसतो. साथीदार गुण मिळवतील तेव्हाच, बाद झाल्याच्या क्रमाने, त्याला परत येता येते. तोवर चढाईला जायला तितकाच तयार दुसरा गडी नसेल तर संघ दोन चढाया रिकाम्या करतो, तिसऱ्या चढाईला गुण घ्यावाच लागतो, समोरच्याला हे माहीत असते, आणि तो वाट बघत बसलेला असतो. तिथे आणखी एक जण बाद. असे दोन-तीन वेळा झाले की लोण. एका सामन्यात असे दोन लोण बसले की गुणफलकावर फरक पंधराच्या पुढे जातो आणि बघणारा म्हणतो, पोरांनी हात टेकले. हात कोणी टेकलेले नसतात. राखीव बाकावर दुसरा चढाईपटू नसतो. तो तीन महिने आधी, संघ बांधतानाच, नव्हता.

३. ‘दम’ हे कारण लावून पाहू

कोणतेही कारण खरे असेल तर ते दुसऱ्या ठिकाणीही लागू पडले पाहिजे. दमाचे कारण तसे लावून पाहू.

पुणेरी पलटण २०१४ आणि २०१५ अशा पहिल्या दोन्ही हंगामांत आठ संघांत आठवी होती. दहाव्या हंगामात तिने साखळीतले १७ सामने जिंकले आणि १ मार्च २०२४ रोजी हैदराबादेत हरियाणा स्टीलर्सला २८-२५ असे हरवून विजेतेपद घेतले. त्याच वर्षी ऑक्टोबरात अकरावा हंगाम सुरू झाला. या गतविजेत्या संघाने ९ जिंकले, १० हरले, ३ बरोबरीत सोडवले आणि तो आठव्या क्रमांकावर घसरला. सात महिन्यांत दम आटला? डोळ्यांसमोरची कारणे बघायला हवीत. त्यांचा इराणी अष्टपैलू महंमदरेझा शादलू हरियाणाकडे गेला होता, आणि हंगामाच्या मध्यात कर्णधार अस्लम इनामदार जायबंदी झाला. शादलूला घेणारा हरियाणाचा संघ त्या वर्षी विजेता ठरला.

दुसरे उदाहरण पवन सेहरावतचे. दहाव्या हंगामासाठी तेलुगू टायटन्सने त्याला दोन कोटी साठ लाख पन्नास हजारांना घेतले, तोवरची लीगमधली सर्वांत मोठी बोली. संघ शेवटचा आला. त्याआधीच्या वर्षी तमिळ थलैवाजने त्याच्यासाठी दोन कोटी सव्वीस लाख मोजले होते. तो पहिल्याच सामन्यात जायबंदी झाला आणि पूर्ण हंगाम बाहेर बसला. तो संघ मात्र पहिल्यांदाच उपांत्य फेरीत पोहोचला. देशातला सर्वोत्तम चढाईपटू असताना एक संघ तळाला जातो आणि तो नसताना दुसरा वर येतो. तेव्हा एका माणसाच्या मनगटावर सगळा निकाल टांगणाऱ्यांनी या दोन हंगामांचा खुलासा करावा.

तिसरे उदाहरण खुद्द यू मुंबाचे, आणि मला ते सर्वांत बोलके वाटते. तेरा पराभव झाले तेव्हा संघाचे प्रशिक्षक होते इराणचे गुलामरझा माझंदरानी. आपल्या गावकीच्या न्यायाने त्यांना दुसऱ्या दिवशी नारळ मिळाला असता. व्यवस्थापनाने त्यांना ठेवले. बदलली ती बचावाची मांडणी: एक कोटीहून अधिक मोजून सुनील कुमारला आणले, तोच कर्णधार झाला, आणि चढाईत अजित चव्हाण या तरुण खेळाडूला मोकळे सोडले. पुढच्या हंगामात १२ विजय, ८ पराभव, २ बरोबऱ्या, पाचवा क्रमांक आणि सलग तीन हंगाम हुकलेली बाद फेरी. प्रशिक्षक तोच, जर्सी तीच. दम बाजारात मिळत नाही. बचावाची फळी लिलावात बदलता येते, आणि तीच बदलली होती.

महाराष्ट्राच्या संघालाही हे लावून बघा. जानेवारी २०१८ मध्ये रिशांक देवाडिगाच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने सेनादलाला ३४-२९ असे हरवून राष्ट्रीय विजेतेपद मिळवले, ते अकरा वर्षांनी. मधल्या अकरा वर्षांत राज्यातल्या सगळ्या पोरांची जिद्द संपली होती, असे म्हणायची कोणाची तयारी आहे?

४. ही नजर आली कुठून

आता मूळ मुद्द्याकडे येतो.

भात झोडून झाले, अंगणे सारवून झाली की इथे स्पर्धांचा मोसम सुरू होतो आणि मे महिन्यात चाकरमानी परत जाईपर्यंत चालतो. शेतात किंवा शाळेच्या पटांगणात माती भिजवून, रोलर फिरवून, फक्कीने मैदान आखतात. हॅलोजन लागतात. प्रवेश फी भरून बत्तीस संघ येतात. काही पोलादपूरच्या आतल्या वाड्यांतून टेम्पोने आलेले असतात, काही गावाच्या नावाने मुंबईत बांधलेले, शुक्रवारी रात्रीची गाडी पकडून आलेले. दोन रात्रींत सगळे उरकायचे असते. म्हणून पद्धत एकच: बाद.

बत्तीस संघांच्या बाद स्पर्धेत ३१ सामने होतात. पहिल्या फेरीतच १६ संघ घरी जातात. दुसऱ्या फेरीत आणखी ८. म्हणजे आलेल्यांपैकी निम्मे संघ एकच सामना खेळतात, आणि तीन चतुर्थांश संघांच्या वाट्याला दोनापेक्षा जास्त सामने येत नाहीत. वेळ वाचवायला डाव पंधरा-पंधरा मिनिटांचे केलेले असतात. चढाईला जाणाऱ्या पोराच्या वाट्याला त्या अर्ध्या तासात आठ-दहा चढाया आल्या तर पुष्कळ. दोन पकडल्या गेल्या, सामना गेला, टेम्पो परत. पुन्हा खेळायला मिळेल ते पुढच्या गावच्या स्पर्धेत, पंधरा दिवसांनी, बहुधा वेगळ्याच सोबत्यांबरोबर.

आता या पोराच्या जागी उभे राहून विचार करा. आपण का पकडले गेलो, हे त्याला कसे कळणार? उजव्या कोपऱ्याने घोटा धरला हे त्याला आठवते. पण तो कोपरारक्षक दर वेळी तसाच येतो का, त्याच्यावर डुबकी चालली असती का, आपण दमल्यावर नेहमी त्याच बाजूला ओढले जातो का, हे कळायला तोच प्रतिस्पर्धी पुन्हा समोर यावा लागतो. साखळीत तो येतो. प्रो कबड्डीच्या दहाव्या हंगामात प्रत्येक संघ प्रत्येकाशी दोनदा खेळला. पहिल्या सामन्यात जे चुकले ते दुसऱ्यात सुधारता येते, निदान सुधारले का ते तपासता तरी येते. बाद स्पर्धेत दुसरा सामनाच नसतो, म्हणून पराभवातून काही शिकण्यासारखे उरत नाही. उरतो फक्त निवाडा. आणि निवाडा द्यायचा झाला की माणूस माणसाच्या स्वभावावरच बोट ठेवतो, कारण दुसरे काही त्याच्या हातात नसते.

स्पर्धेचा गुणलेखक रात्रभर बसून प्रत्येक चढाई कागदावर मांडतो. कोण गेला, गुण की रिकामी, बोनस, पकड, लोण, सगळे. सकाळी बक्षीस समारंभ होतो, चषक वाटले जातात, उत्कृष्ट चढाई आणि उत्कृष्ट पकड यांची नावे समालोचक माइकवरून पुकारतो, आणि ते कागद मंडपाच्या कचऱ्याबरोबर जातात. हरलेल्या सोळा संघांनी त्या रात्री जे काही दाखवले त्याची ती एकमेव नोंद होती. मोसमभर इतकी कबड्डी खेळणाऱ्या या भागात आपल्या चढाईपटूची यशाची टक्केवारी सांगू शकेल असा संघ मला अजून भेटलेला नाही. मला याचे मनापासून वाईट वाटते, कारण ज्ञान तयार होत होते आणि आपण ते झाडून टाकत होतो.

हीच नजर घेऊन आपण टीव्हीसमोर बसतो. त्या हंगामात अनेकदा यायचा असा एक प्रसंग घ्या. शेवटचे अर्धे मिनिट, गुणफलक २९-३६. मागे असलेल्या संघाचा चढाईपटू आत जातो, निदानरेषा ओलांडतो, मागे सरतो, कोपऱ्याला हूल देतो, पुन्हा मागे. कोणाला हात लावत नाही, कोणाच्या हाताला लागत नाही. तीस सेकंदांची चढाई पुरी वापरून तो मध्यरेषेवर परत येतो आणि सामना संपतो. आपल्याकडे अशा पोराला पळपुटा म्हणतील. सात गुण मागे असताना झोकून द्यायचे सोडून हा फिरून आला! पण त्याने नेमके काय केले? फरक सातवर राखला आणि आपल्या संघाला तक्त्यात एक गुण मिळवून दिला. तो पकडला गेला असता तर फरक आठ झाला असता आणि हाती शून्य आले असते. एका चढाईत सात गुण भरून येण्याची शक्यता जवळजवळ नव्हती. त्याने हरलेल्या सामन्यातून जे वाचवता येण्यासारखे होते ते वाचवले, आणि त्यासाठी लागणारी छाती त्याने बावीस सामन्यांच्या हिशोबातून आणली होती. बाद फेरीवर पोसलेल्या डोळ्यांना ही छाती दिसत नाही.

५. आक्षेप

पहिला आक्षेप मी सर्वांत गांभीर्याने घेतो: जिद्दीला काहीच किंमत नाही का? महाडच्या माणसाला हे विचारायचा पूर्ण अधिकार आहे. २२ जुलै २०२१ च्या महापुरात सावित्री-गांधारीचे पाणी बाजारपेठेत शिरले आणि त्याच दिवशी तळिये गावावर दरड कोसळून ऐंशीहून अधिक माणसे गेली. त्यानंतर ज्यांनी चिखल उपसून दुकाने पुन्हा उघडली, घरे पुन्हा उभी केली, त्यांना जिद्द म्हणजे काय हे कोणी शिकवायला नको. पण त्याच माणसांनी पूर का आला याचे उत्तर ‘आपल्यात जिद्द कमी पडली’ असे दिले नाही. नदीतला गाळ, बेटे, भरावाची कामे, पाण्याचा निचरा यांवर ती बोलली, भांडली, गाळ काढून घेण्यासाठी मागे लागली. उभे राहायला जिद्द लागते. पडलो का हे शोधायला मोजमाप लागते. घरादाराच्या बाबतीत जो विवेक आपण दाखवला तो खेळाच्या बाबतीत का दाखवू नये, एवढेच माझे विचारणे आहे.

दुसरा आक्षेप: संघात आपली माणसे नाहीत. हरियाणाची, इराणची पोरे मुंबईची जर्सी घालून खेळतात, त्यांना मुंबईचे काय? २०१५ मध्ये जिंकला तेव्हाही यू मुंबाचा कर्णधार हरियाणाचा अनुप कुमार होता, आणि त्याच्यावर आपल्या घरांतून जीव ओवाळला जात होता. जिंकताना जो आपला असतो तो हरताना परका होत असेल तर तक्रार त्याच्या गावाबद्दल नाही. पुण्याच्या विजेत्या संघातही कर्णधार अस्लम इनामदार तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्याचा होता, प्रशिक्षक बी. सी. रमेश कर्नाटकचे आणि अष्टपैलू शादलू इराणचा. मात्र या आक्षेपात एक खरी खंत दडलेली आहे: रायगडच्या आतल्या तालुक्यांतली पोरे तिथे का दिसत नाहीत? तिचे उत्तर चौथ्या मुद्द्यात आलेच आहे. ज्या पोराने वर्षभरात ओळीने दहा सामनेही एका संघातून खेळलेले नाहीत, त्याला इतक्या लांब हंगामासाठी कोणी निवडावे?

तिसरा आक्षेप: असा हिशोब मांडला की हरणाऱ्याला सबब मिळते. अनुभव उलटा आहे. ‘दम नव्हता’ ही सर्वांत सोपी सबब आहे; ती ऐकून खेळाडू मान खाली घालतो, आणि पुढच्या वेळी जोर लावू म्हणतो, संपले. ‘तू डाव्या बाजूला नऊ चढाया केल्यास आणि त्यांतल्या पाच वेळा पकडला गेलास’ हे ऐकल्यावर मान खाली घालून भागत नाही. उजवीकडे जायला शिकावे लागते, आणि त्याला महिने लागतात. यू मुंबाच्या त्या सात मोठ्या पराभवांना हिशोबाने कोणतीही सवलत दिलेली नाही. संघबांधणी कमी पडली, हा ठपका दमाच्या ठपक्यापेक्षा जड आहे, कारण तो नेमक्या माणसांवर येतो.

६. आणि आता तक्ताही आपल्यासारखाच झाला

२०२५ च्या बाराव्या हंगामापासून लीगने नियम बदलले. विजयाला २ गुण, पराभवाला शून्य. साखळीत बरोबरी ठेवलेली नाही. समान गुण झाले तर जादा चढायांवर निकाल लावतात. निसटत्या पराभवाचा एक गुण गेला. टीव्हीवरच्या प्रेक्षकाला तक्ता सोपा व्हावा हा त्यामागचा हेतू समजतो, आणि बरोबरीचा निकाल लागल्याने थरार वाढला हेही खरे. तरीही मला हा बदल चुकीचा वाटतो. आधीच्या नियमाने खेळाडूला आणि प्रेक्षकाला सांगितले होते की हरतानाही काही राखता येते, आणि ते राखायला कौशल्य लागते. आता शेवटच्या अर्ध्या मिनिटात सात गुण मागे असलेल्या संघासाठी जवळजवळ काही उरत नाही. दहाव्या हंगामाच्या तक्त्यातून मी जी वजाबाकी करून दाखवली ती आता तक्त्यावरून करताच येणार नाही. एकेक सामना उघडून पाहावा लागेल. म्हणजे नोंद ठेवण्याची जबाबदारी आता आपल्यावर अधिक आली.

७. मग इथे काय करायचे

शेवटचा आक्षेप आयोजकांचा असतो, आणि तो पैशाचा आणि वेळेचा आहे: साखळी कोणाला परवडते? सोळा संघांची स्पर्धा घेऊ. बाद पद्धतीने १५ सामने होतात. चार-चार संघांचे चार गट केले, गटात प्रत्येकाशी प्रत्येक खेळला, तर २४ सामने. गटविजेत्यांच्या उपांत्य फेरीचे दोन आणि अंतिम एक धरून २७. जादा सामने बारा. पंधरा-पाच-पंधरा मिनिटांचा एक सामना चाळीस मिनिटांत उरकतो. दोन मैदाने शेजारी आखली तर बारा सामन्यांना चार तास लागतात. शुक्रवारी रात्री सुरू करण्याऐवजी शुक्रवारी दुपारी सुरू केली तरी हे चार तास निघतात. मुंबईहून रात्री पोहोचणाऱ्या संघांचे गट शनिवारी ठेवता येतील. खर्च वाढतो तो पंचांच्या मानधनाचा, आणि तो पहिल्या बक्षिसाच्या रकमेतून थोडा कापून भागतो. चषकाची उंची एक फूट कमी झाली तर कोणाचे बिघडत नाही. आणि यात सगळ्यांत शेवटी राहिलेला संघही तीन सामने खेळून परत जातो.

दुसरी गोष्ट त्याहून स्वस्त आहे. गुणलेखकाच्या कागदाचा मोबाइलवर फोटो काढून तो त्या त्या संघाच्या कर्णधाराला, हरलेल्याला आधी, त्याच रात्री पाठवायचा. त्यावर प्रत्येक खेळाडूपुढे चार आकडे लिहायचे: किती चढाया, किती यशस्वी, किती पकडी केल्या, किती फसल्या. हे काम गावातली दहावी-बारावीची मुले-मुली सहज करतील. पंधरा मिनिटांत शिकवता येते. वर्षभर हे झाले तर जिल्ह्याच्या निवड चाचणीला पोलादपूरचा पोरगा हातात काहीतरी घेऊन जाईल. आज तो जातो तेव्हा त्याच्याबद्दल कोणीतरी सांगतो, ‘पोरात दम आहे हो’, आणि निवड समितीला त्यावर काहीच करता येत नाही.

मुलींच्या स्पर्धांपासून हे सुरू करावे असे मला वाटते. तिथे संघ थोडे असतात, सहा किंवा आठ, त्यामुळे साखळी बसवणे सोपे जाते. तरीही आपण त्या पुरुषांच्या सामन्यांच्या मधल्या वेळात, बाद पद्धतीने, दोन तासांत उरकतो. सहा संघांची पूर्ण साखळी म्हणजे पंधरा सामने, दोन मैदानांवर पाच-सहा तास. एका रविवारी सकाळी आठला सुरू केली तर दुपारी दोनपर्यंत प्रत्येक मुलगी पाच सामने खेळलेली असेल. येत्या मोसमात बिरवाडीने किंवा कापड्याने हे एकदा करून पाहावे. कागद ठेवायला आणि आकडे मांडायला मी येतो.